हायडेलबर्गला येताय? मग अर्धा दिवस श्वेत्सिंगेनच्या राजवाड्याच्या बागेसाठी ठेवा

आम्ही जर्मनीतल्या वॉलडॉर्फला राहतो. एसएपी या सॉफ्टवेअर कंपनीमुळे या भागात मराठी घरं बरीच आहेत आणि भारतातून कुणाचे आईबाबा आले की सगळ्यांचा कार्यक्रम जवळजवळ ठरलेला असतो: हायडेलबर्गचा किल्ला, जुना पूल, नेकार नदीतली बोट, मग ब्लॅक फॉरेस्ट. श्वेत्सिंगेन त्यात सहसा नसतं. हायडेलबर्गहून जेमतेम दहा किलोमीटर पश्चिमेला असलेलं हे छोटं गाव, एक राजवाडा आणि त्यामागची बहात्तर हेक्टरांची बाग. मला विचाराल तर या सगळ्या परिसरात ज्येष्ठांना घेऊन जाण्यासारखी याहून चांगली जागा नाही. यंदा आईबाबांना घेऊन गेले, त्याचा हा सविस्तर वृत्तांत. यातल्या बऱ्याच गोष्टी माहीत असतील तरच दिसतात, म्हणून थोडा इतिहासही सांगते.

हा प्रदेश कुरफाल्झचा. इथला राजा कुरफ्युर्स्ट, म्हणजे सम्राटाची निवड करताना ज्यांना मत असायचं अशा मोजक्या संस्थानिकांपैकी एक. त्यांची गादी हायडेलबर्गला होती. 1689 आणि 1693 मध्ये फ्रेंच फौजांनी किल्ला आणि शहर उद्ध्वस्त केलं, श्वेत्सिंगेनचा जुना वाडाही त्याच सुमारास जळाला. 1720 मध्ये कार्ल फिलिप या कुरफ्युर्स्टने हायडेलबर्ग सोडून राजधानी मानहाइमला नेली आणि श्वेत्सिंगेन उन्हाळ्यात राहायची जागा झाली. पण बागेला आजचं रूप आलं ते त्याच्यानंतरच्या कार्ल थिओडोरमुळे. 1742 च्या अगदी शेवटी, वयाच्या अठराव्या वर्षी तो गादीवर बसला. लढाईपेक्षा संगीत, नाटक, वास्तुकला आणि विज्ञान यांत रमणारा माणूस. दर उन्हाळ्यात सगळा दरबार, वाद्यवृंद आणि आचारी-माळ्यांसकट इथे मुक्कामाला यायचा.

वाडा पाहून आईची थोडी निराशा झाली, ते मी नाकारणार नाही. "एवढाच?" असं ती म्हणाली. खरंच, वाडा मोठा नाही. मूळची खंदक असलेली शिकारीची गढी, तिलाच डागडुजी करून वाडा केलेला. पण मधल्या कमानीतून पलीकडे पाऊल टाकलं आणि ती बोलायची थांबली. समोर अख्खं वर्तुळ उघडतं. डाव्या-उजव्या हाताला कमानदार, एकमजली लांबलचक इमारती बाहेरच्या बाजूला वळत जातात आणि त्यांचा अर्धगोल समोरच्या बाजूला वेलींच्या मांडवांनी पुरा केलेला. मधोमध कारंजं आणि तिथून सरळ रेषेत जाणारा रस्ता, जो नजरेला थेट क्षितिजापर्यंत नेतो.

हे वर्तुळ योहान लुडविग पेट्री या राजमाळ्याने 1753 मध्ये आखलं. जर्मनीत फ्रेंच पद्धतीच्या बागा कितीतरी आहेत, सगळ्या सरळ रेषा आणि चौकोन. पूर्ण वर्तुळ असं दुसरीकडे मी तरी पाहिलेलं नाही. गंमत म्हणजे ते बऱ्याच अंशी परिस्थितीतून आलं. वाड्यामागच्या दोन गोलाकार इमारती आधी उभ्या राहिल्या, त्या वेळी समोर नवा मोठा राजवाडा बांधायचा विचार होता. तो बेत बारगळला आणि हाती असलेल्या दोन अर्धकमानींवरून पेट्रीने वर्तुळ पुरं करून घेतलं.

मधली रेषाही सहज म्हणून काढलेली नाही. पूर्वेला हायडेलबर्गमागचा क्योनिगश्टूल हा डोंगर, पश्चिमेला फाल्झच्या जंगलातला काल्मिट हा डोंगर, या दोघांना जोडणाऱ्या रेषेवर बाग बसवली आहे. गावातला मुख्य रस्ता, कार्ल-थिओडोर-श्ट्रासे, याच रेषेवर वाड्याकडे येतो. हवा स्वच्छ असेल तर बागेच्या मधोमध उभं राहून आपण दोन डोंगरांना जोडणाऱ्या रेषेवर आहोत हे कळतं. आम्ही गेलो त्या दिवशी काल्मिट धुरकट दिसत होता, पण दिसत होता.

आता बाबांविषयी. ते पाटबंधारे खात्यातून निवृत्त झाले, सगळी नोकरी कालव्यांवर. कुठल्याही बागेत फुलांच्या आधी त्यांना पाणी दिसतं. वर्तुळाच्या मधल्या कारंज्यात डॉल्फिनवर बसलेला आरिऑन हा ग्रीक गायक आहे. आज फ्रान्समध्ये असलेल्या लोरेनचा ड्यूक स्तानिस्लाव वारल्यावर त्याच्या ल्युनेव्हिलच्या बागेतल्या वस्तू विकायला निघाल्या, त्यातून हे शिल्प 1766 मध्ये इथे आलं. मी हे सांगत होते आणि बाबांचं लक्ष कारंज्याच्या उंचीकडे. "अगं, पण हेड कुठून मिळतंय? इथे तर सगळी सपाटी. एकही टेकडी नाही."

हेड म्हणजे पाण्याला दाब देणारी उंची, आणि प्रश्न अगदी बरोबर होता. व्हर्सायला सुद्धा हाच प्रश्न छळत होता. इथे त्याचं उत्तर वाड्याच्या शेजारीच आहे. लाइमबाख नावाचा ओढा गावातून वाहतो. त्याच्या प्रवाहावर पाणचक्की फिरायची, पाणचक्कीवर पंप चालायचे, पंप पाणी उंच मनोऱ्यातल्या टाक्यांत चढवायचे आणि तिथून ते नळांनी आपल्या वजनाने कारंज्यांपर्यंत उतरायचं. बागेच्या दोन टोकांना अशी दोन जलकेंद्रं आहेत, वरचं आणि खालचं. खालच्या केंद्राच्या जोडीला हाडं दळायची चक्कीसुद्धा होती, म्हणजे पाणचक्कीची शक्ती खतासाठीही वापरात यायची. बाबांनी त्या इमारतीला तीनदा वळसा घातला. "कालवा नाही, उपसा आहे," हे त्यांनी आईला दोनदा सांगितलं. आई म्हणाली, "अहो, पुढे चला आता."

वर्तुळाच्या शेवटी शिकारी कुत्र्यांनी खाली पाडलेल्या दोन हरणांचं शिल्प आहे, पेटर आंटोन फॉन व्हेर्शाफेल्टचं. हरणांच्या तोंडातून पाण्याची धार सुटते. मला ते शिल्प आवडत नाही, कारण मरणाऱ्या जनावराच्या तोंडातून खेळातलं पाणी निघावं हे पटत नाही, पण कारागिरी अव्वल आहे. इथे बहुतेक लोक फोटो काढतात आणि मागे फिरतात. कृपा करून फिरू नका. हरणांच्या पुढे खरी बाग सुरू होते.

उजवीकडे, म्हणजे उत्तरेला वळलात की स्नानगृह लागतं. निकोला द पिगाज हा लोरेनहून आलेला वास्तुविशारद. 1749 पासून तो दरबारात होता आणि 1762 मध्ये बागेचा प्रमुख झाला. कार्ल थिओडोरला दरबारापासून दूर चार घटका बसायला त्याने हे छोटं घर बांधलं. आतमध्ये लंबगोल दिवाणखाना, त्याच्या छतावर रात्रीला पळवून लावणारी उषा रंगवलेली, चिनी कागद लावलेली एक खोली आणि संगमरवरी स्नानकुंड. शिष्टाचार, मानपान, रांगेत उभं राहणारे दरबारी, हे सगळं वाड्यात. इथे यायचं ते वाद्य वाजवायला, वाचायला, मोजक्या मित्रांशी गप्पा मारायला. तो स्वतः बासरी आणि चेलो वाजवायचा.

स्नानगृहाच्या पलीकडे जे आहे त्यासाठी मी पुन्हा पुन्हा श्वेत्सिंगेनला जाते. जाळीचा एक गोल मांडव आहे, वरून उघडा. त्याच्या कडेवर धातूचे रंगवलेले पक्षी बसवले आहेत. सगळ्यांच्या चोची आतल्या बाजूला वळलेल्या. मधल्या हौदात एक मोठं घुबड, पंजात मारलेला फेजंट पक्षी. सगळे पक्षी चोचीतून पाण्याची बारीक धार घुबडावर सोडतात आणि घुबड खालून वर पाणी उडवतं. आपल्यातल्या एकाला मारलं म्हणून सगळ्यांनी मिळून त्याला धारेवर धरलं आहे. धारा बारीक असतात, म्हणून आवाज कारंज्यासारखा धबधब येत नाही, पावसाच्या शेवटी वळचणीचं पाणी टपकतं तसा येतो. जवळ जाऊन एकेक पक्षी बघा. पंखांचे रंग वेगळे आहेत, कुणाची मान ताणलेली, कुणी पुढे झुकलेला. चारी बाजूंना खरे पक्षी ठेवायचे पिंजरेही आहेत, म्हणजे त्या काळी धातूच्या पक्ष्यांना जिवंत पक्ष्यांची साथ असायची. आईला इथून हलवायला बराच वेळ लागला. एक लहान मुलगा हौदाच्या कडेवर कोपरं टेकून एकेका पक्ष्याकडे बोट दाखवत त्यांची नावं आजीला सांगत होता आणि आई मराठीत त्याला दुजोरा देत होती.

पक्ष्यांपासून पुढे वेलींचा लांब, काळोखा बोगदा जातो. त्याच्या शेवटी गुहेसारखी जागा आहे आणि त्यातून पलीकडे ऊन पडलेली नदी, झाडी, लांबवर पसरलेला प्रदेश दिसतो. चालत जा, जवळ जा, मग कळतं की ती भिंत आहे. भिंतीवर रंगवलेलं चित्र, त्यावर वरून खरा उजेड पडेल अशी सोय केलेली. आपण अंधारात, चित्र उजेडात, म्हणून डोळा फसतो. याला इथे 'जगाचा शेवट' म्हणतात. मला कशाने फसवलं जातंय ते पूर्ण माहीत असूनही मी दर वेळी त्या अंधाऱ्या मांडवात पहिली काही पावलं चित्राला खरं मानूनच टाकते. अडीचशे वर्षांपूर्वी विजेचा दिवा नसताना निव्वळ उजेड आणि अंतर यांच्या हिशेबावर हे करून दाखवलं, त्याचं मला फार अप्रूप वाटतं.

जवळच अपोलोचं देऊळ आहे. उंचवट्यावर गोल, उघडं, खांबांवर उभं. त्याच्यासमोर झाडांच्या भिंतींचं नाट्यगृह आणि स्फिंक्सच्या मूर्ती. आतला अपोलो वीणेसारखं वाद्य डाव्या हाताने वाजवतो, हे इथले गाइड हमखास दाखवतात. मागच्या बाजूने चढून गेलात तर कठड्याच्या जाळीवर सोन्याचा मुलामा दिलेले सूर्याचे मुखवटे दिसतात. देवळाखालच्या अंधाऱ्या वाटांमधून जाऊन उजेडात यायची वाटही आहे. ज्येष्ठांनी तिथे जरा जपून पावलं टाकावीत. बाकी बाग सपाट आहे, व्हीलचेअर चालते, बाकं भरपूर आहेत.

जरा पुढे पान या ग्रीक देवाचा पुतळा शोधा. पेटर सिमोन लामिने या शिल्पकाराचा, 1774 चा. झिरपणाऱ्या खडकावर बसून बासरी वाजवणारा बकरपाय्या देव. झाडीत इतका मिसळून गेला आहे की बहुतेक लोक शेजारून निघून जातात.

आता दक्षिणेची बाजू. तळ्याच्या अलीकडे दोन मिनार आणि घुमट दिसतो, तेव्हा पहिल्यांदा येणारा प्रत्येक जण थबकतो. बाबा म्हणाले, "इथे मशीद?" आहे, आणि तिचं नावही मशीदच आहे. पिगाजनेच बांधली. काम 1779 मध्ये सुरू झालं आणि पूर्ण व्हायला 1790 चं दशक उजाडलं. बांधली तेव्हा ती नमाजासाठी नव्हती. अठराव्या शतकात युरोपातल्या बागांत चिनी मंडप, तुर्की तंबू, इजिप्शियन स्तंभ असं जगभरचं काही ना काही उभारायची पद्धत होती. लंडनच्या क्यू बागेतही मशीद होती, ती आता नाही. श्वेत्सिंगेनची उरली आहे, आणि ती नुसती सजावट वाटत नाही इतकी मोठी आणि काळजीने बांधलेली आहे. आत चौकोनी अंगण, त्याभोवती झाकलेल्या वाटा, छोट्या घुमट्या आणि मग मुख्य घुमटाखालचा उंच दालन.

भिंतींवर अरबी वचनं आहेत आणि त्याखाली जर्मन अर्थ. अरबी लेखनात चुका आहेत, कारण कोरणाऱ्यांना ती लिपी येत नव्हती. वचनं मात्र नीट निवडलेली. एकाचा आशय असा, की सोनं गरजेपुरतं मिळवावं आणि शहाणपण जमेल तितकं. कुराण आणि बायबल, पूर्व आणि पश्चिम, असं कुठलंही भांडण इथे नाही. शहाणपण कुठूनही यावं, असा या वास्तूचा सूर आहे आणि तो मला खरा वाटतो. 1870-71 च्या फ्रान्स-जर्मनी युद्धानंतर फ्रेंच सैन्यातले उत्तर आफ्रिकेतले मुसलमान कैदी या भागात उपचारासाठी होते, त्यांनी इथे प्रार्थना केल्याची नोंद आहे. सजावटीसाठी बांधलेल्या मशिदीत शेवटी खरी नमाज झाली. बाबा अंगणात बराच वेळ एकटे बसले होते. नंतर मला एवढंच म्हणाले, "घुमटाची गोलाई बघ, कुठेही चुकलेली नाही."

मशिदीच्या शेजारी जुना फळबागेचा भाग आहे, तिथे जपानी चेरी लावलेल्या आहेत. मार्चअखेर किंवा एप्रिलमध्ये त्या फुलतात. फुलल्या की जवळपासच्या सगळ्या गावांतून लोक लोटतात आणि त्या शनिवार-रविवारी तिथे उभं राहायला जागा मिळत नाही. चेरी बघायच्याच असतील तर कामाच्या दिवशी सकाळी दार उघडल्याबरोबर जा. मी मात्र पाहुण्यांना त्या आठवड्यात मुद्दाम नेत नाही. लोक फक्त तिथेच थांबतात आणि बाकी बाग बघायची राहून जाते.

मशिदीसमोरच्या तळ्याच्या पलीकडच्या काठावर मर्क्युरीचं देऊळ आहे, मुद्दाम पडकं बांधलेलं. असेच उत्तरेकडे रोमन जलसेतूचे अवशेष आहेत, तेही बांधताना अवशेष म्हणूनच बांधलेले. या काठावर उभं राहून मशिदीचं पाण्यातलं प्रतिबिंब बघायचं आणि मग वळून वाड्याच्या दिशेने निघायचं. इथून पुढच्या वाटा वळणावळणाच्या होतात. रेषा संपतात. झाडं एकेकटी, मोकळ्या गवतावर सोडलेली.

हा भाग फ्रीडरिश लुडविग फॉन स्केलने केला आणि माझ्या मते या बागेचा सगळा मोठेपणा त्यात आहे. स्केल इथल्याच राजमाळ्याचा मुलगा, याच बागेत वाढलेला. कार्ल थिओडोरने त्याला इंग्लंडला शिकायला पाठवलं. परत आला तेव्हा तिकडची नवी पद्धत शिकून आला होता: काही आखलेलं दिसू नये, निसर्गच वाटावा. 1777 पासून त्याने इथे काम सुरू केलं. त्या काळी बहुतेक ठिकाणी नव्या पद्धतीचे माळी आले की जुन्या सरळ बागा नांगरून टाकायचे. स्केलने तसं केलं नाही. त्याने पेट्रीचं वर्तुळ जसंच्या तसं ठेवलं आणि आपली वळणाची बाग त्याच्या कडेकडेने गुंफली. पुढे म्युनिकची प्रसिद्ध इंग्लिश बाग त्यानेच केली. पण म्युनिकला त्याला मोकळी जमीन मिळाली होती. इथे दुसऱ्याचं काम समोर असताना त्याने हात आवरला, हे मला त्याहून अवघड वाटतं.

जुनी बाग टिकायचं दुसरं कारण असं, की दरबारच निघून गेला. 1777 च्या अखेरीस बव्हेरियाचा कुरफ्युर्स्ट निपुत्रिक वारला, वारशाने ती गादी कार्ल थिओडोरकडे आली आणि 1778 मध्ये तो सगळा लवाजमा घेऊन म्युनिकला गेला. मानहाइम ओकं झालं. श्वेत्सिंगेनलाही तो क्वचित यायचा. मशिदीचं काम त्याच्या गैरहजेरीतच पुरं झालं. मग 1803 मध्ये कुरफाल्झच संपलं आणि हा भाग शेजारच्या बाडेन संस्थानाकडे गेला. इथे राहून रोज काही बदलायला सांगणारा राजाच उरला नाही, त्यामुळे एकोणिसाव्या शतकाच्या फॅशनी इथे फार घुसल्या नाहीत. बाग वाचली ती अशी, माळ्यांच्या हाती राहून.

या भागातले दुसरे राजवाडे बघायचे तर लुडविग्सबुर्ग मोठं आहे, पण आता तिथे भोपळ्यांचं प्रदर्शन आणि मुलांची खेळणी इतकी असतात की बाग बघायला शांतता मिळत नाही. कार्ल्सरूह शहराचा नकाशा भन्नाट, राजवाड्याच्या मनोऱ्यातून बत्तीस रस्ते किरणांसारखे निघतात, पण तो नकाशावर किंवा मनोऱ्यावर चढूनच कळतो. मानहाइमच्या राजवाड्यात आता विद्यापीठ आहे आणि युद्धात जळालेला तो वाडा बराचसा पुन्हा बांधलेला. अठराव्या शतकातला एखादा दरबार बागेत कसा जगत होता हे पायी फिरून समजून घ्यायचं असेल, तर या चारांत मी श्वेत्सिंगेनच निवडेन. जागतिक वारशाच्या यादीत हे नाव अजून नाही, प्रयत्न होऊनही. माझ्या दृष्टीने ते तिथे असायला हवं.

वाड्याच्या आतल्या खोल्या फक्त मार्गदर्शकासोबत बघता येतात आणि बहुतेक फेऱ्या जर्मनमध्ये असतात. आईबाबांसोबत असाल तर मी म्हणेन आतला वेळ बागेला द्या. अपवाद एकच, वरच्या मजल्यावरचा स्विस डोंगरांचा भिंतकागद. 1804 चा, फ्रान्समधल्या झ्युबेर कारखान्याचा, ठशांनी छापलेला. त्याचे रंग अजून टवटवीत आहेत. दुसरी बघण्यासारखी जागा म्हणजे वर्तुळाच्या उत्तर कमानीमागचं नाजूक नक्षीच्या रोकोको शैलीतलं लाकडी नाट्यगृह. पिगाजचंच, 1753 चं. अशा गॅलऱ्यांच्या नाट्यगृहांपैकी हे सर्वांत जुन्या शिल्लक नाट्यगृहांत गणलं जातं. 1952 पासून दर वसंतात इथे संगीत महोत्सव भरतो. तिकीट मिळालं तर सोडू नका, लाकडामुळे आवाज फार गोड येतो. याच वाड्यात 18 जुलै 1763 रोजी सात वर्षांच्या मोत्सार्टने बहिणीसोबत दरबारापुढे वाजवलं. मानहाइमचा वाद्यवृंद ऐकून त्याचे वडील लिओपोल्ड यांनी तो जर्मनीत सर्वोत्तम असल्याचं घरी लिहिलं होतं.

खाण्याविषयी. एप्रिल ते 24 जून या काळात गेलात तर गावात जिकडेतिकडे पांढरं अस्परागस दिसेल. श्वेत्सिंगेनच्या वाड्याच्या बागेत ते 1668 मध्ये पहिल्यांदा लावलं गेलं आणि गावाचा अभिमान त्यात आहे. राजवाड्यासमोरच्या चौकात अस्परागस विकणाऱ्या बाईचा पुतळाही आहे. आपल्या शतावरीचं हे जवळचं नातलग. कोंब उजेडात येऊ नयेत म्हणून वरंब्यात मातीखाली ठेवतात आणि जमिनीतच खोल सुरी घालून तोडतात, म्हणून पांढरे. 24 जूनला, संत योहानच्या दिवशी, तोडणी थांबते म्हणजे थांबतेच, पुढे झाडाला वाढू देतात. बाबांना हा नियम फार आवडला. चौकातल्या एका हॉटेलात आम्ही बसलो. मांसाहार नको असं सांगूनही पहिलं ताट हॅमसकट आलं, ते परत करून दुसरं यायला अर्धा तास गेला. आलेलं अस्परागस मात्र उत्तम होतं: उकडलेले बटाटे, वितळलेलं लोणी, वरून फक्त मीठ. शाकाहारी असाल तर "ओने शिंकन", म्हणजे हॅमशिवाय, हे दोन शब्द पाठ करून जा आणि ऑर्डर देताना हॉलंडेज सॉसमध्ये अंडं असतं हे लक्षात ठेवा.

एक गोष्ट बघून वाईट वाटतं. 2018 पासूनच्या कोरड्या उन्हाळ्यांत इथली जुनी झाडं, विशेषतः बीच, मोठ्या संख्येने वाळली. स्केलच्या भागात काही ठिकाणी मोकळी जागा दिसते ती आखलेली नाही, तिथलं झाड गेलेलं आहे. बागेतच बियांपासून रोपं वाढवून, म्हणजे इथल्या मातीत जन्मलेली रोपं वापरून, जागा भरायचे प्रयत्न चालू आहेत. कुंपण घातलेल्या छोट्या रोपांचे वाफे दिसले तर त्यात पाय टाकू नका, मुलांनाही सांगा. आणि हो, बागेत सायकल नेता येत नाही, बाहेर लावावी लागते.

जायचं कधी? मे महिना आणि सप्टेंबर. कारंजी उन्हाळी हंगामातच चालतात, हिवाळ्यात बंद असतात आणि काही मूर्तींवर लाकडी खोकी चढवलेली असतात. हिवाळ्यात तिकीट स्वस्त असतं पण पक्ष्यांचं कारंजं कोरडं असतं, म्हणून पाहुण्यांना हिवाळ्यात नेऊ नये. वर्षभराचा पासही मिळतो. इथे राहणाऱ्यांनी तो घ्यावाच, काही फेऱ्यांत वसूल होतो.

मानहाइमहून लोकल गाडीने पंधरा मिनिटांत येता येतं आणि स्टेशनपासून वाडा चालत दहा मिनिटं. हायडेलबर्गहून बस आहे, अर्धा तास लागतो आणि ती वाड्याजवळच थांबते. सकाळी लवकर या. वाड्याच्या कमानीतून आत शिरा, वर्तुळात फार रेंगाळू नका, आधी उत्तरेला पक्ष्यांकडे जा, कारण दुपारी तिथे शाळांच्या सहली येतात. मग तळ्याच्या काठाने मोठा वळसा घालत मर्क्युरी, मशीद आणि दक्षिणेच्या वाटांनी परत. पाण्याची बाटली जवळ ठेवा आणि पायात खडीवर चालायला बरे असे बूट घाला, चपला नकोत.